भिंत पडली तरी वाडा का उभा राहतो?

मी सातवीत होते तेव्हा ऐन पावसाळ्यात आमच्या वाड्याची मागची भिंत पडली. रात्री धप्प असा आवाज झाला, ओल्या मातीचा वास घरभर भरला आणि सकाळी बघतो तर न्हाणीशेजारची पाच-सहा हात लांब भिंत खाली बसलेली. आता वरचा मजलाही येणार म्हणून आम्ही पोरं चौकात जाऊन उभी राहिलो. वरच्या बिऱ्हाडातल्या काकू मात्र रोजच्यासारखा स्टोव्ह पेटवून चहा करत होत्या. भिंत गेली होती, पण तिच्यात लपलेले दोन खांब आता उघडे पडून उभे होते. त्यांच्यावरची तुळई जागेवर होती आणि तुळईवरचा मजला तसूभरही हलला नव्हता.

हे कोडं मला बऱ्याच वर्षांनी सुटलं. आणि ते सुटलं तसं, जुने वाडे उभे कसे राहतात, पडतात कशामुळे आणि ते जपायचे म्हणजे नेमकं काय करायचं, हेही कळत गेलं. हे समजावून सांगायला पुण्याचा विश्रामबागवाडा फार उपयोगी पडतो. तुळशीबागेजवळ, बाजीराव रस्त्याच्या गर्दीत तो उभा आहे. दुसऱ्या बाजीराव पेशव्यांनी तो एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात बांधून घेतला. खर्च सुमारे २ लाख रुपये आला असं सांगतात. तुलनेसाठी, पहिल्या बाजीरावांनी १७३० ते १७३२ मध्ये बांधलेल्या शनिवारवाड्याचा सुरुवातीचा खर्च होता १६,११० रुपये.

आधी मूळ गोष्ट. आजच्या इमारतीत काँक्रीटचे खांब आणि तुळया सगळं वजन पेलतात, मधल्या विटांच्या भिंती फक्त आडोसा करतात. पेशवाईतला वाडाही असाच चालतो, फक्त काँक्रीटच्या जागी लाकूड असतं. आपल्याला बाहेरून जाडजूड भिंती दिसतात, म्हणून त्यांनीच सगळा भार घेतला असेल असं वाटतं. तसं ते नसतं. खाली घडीव दगडाचं जोतं, म्हणजे चौथरा. जोत्यावर दगडी तळखडे. प्रत्येक तळखड्यावर सागाचा खांब. खांबांच्या डोक्यावर आडवी तुळई, तुळयांवर जवळजवळ टाकलेल्या कड्या आणि कड्यांवर फळ्या, म्हणजे पाट. खालून वर बघितलं की दिसतो तो कडीपाट हाच. पाटावर मातीचा थर, त्यावर सारवण किंवा चुन्याची जमीन. वरच्या मजल्यावर हाच क्रम पुन्हा. वजनाची वाट सरळ आहे: माणूस, जमीन, पाट, कडी, तुळई, खांब, तळखडा, जोतं. या वाटेत भिंत कुठेच येत नाही. मोठ्या वाड्यांच्या बाहेरच्या दगडी भिंती थोडाफार भार घेतात, पण आतला सगळा पसारा खांबांवरच असतो. खांबांमधली जागा विटांनी, भेंड्यांनी म्हणजे कच्च्या मातीच्या विटांनी, मातीनं भरून काढायची, झाली भिंत. आमच्या वाड्यातली पडली ती अशीच भरीव होती.

दोन खांबांमधल्या अंतराला म्हणतात खण. ब्लाउजपीसचा खण वेगळा, कपाटाचा खणही वेगळा, पण जुन्या पुण्यात घर मोजायचं ते खणातच. 'त्यांचं बिऱ्हाड केवढं?' 'दोन खण.' एक खण म्हणजे साधारण पाच फूट, कुठे थोडं जास्त. या मापाच्या मागे लाकडाचा स्वभाव आहे. तुळईला आधार जितका लांब, तितकी ती मधोमध वाकते, आणि जाड, सरळ, लांब सागवान मिळणं तेव्हाही सोपं नव्हतं. म्हणून खांब जवळजवळ आले, खोल्या अरुंद आणि लांबट झाल्या, आणि दिवाणखान्यासारखी मोठी मोकळी जागा हवी असेल तर मध्ये खांबांच्या ओळी उभ्या कराव्या लागल्या. दिवाणखान्यातले ते देखणे खांब शोभेसाठी आहेत असं आपण समजतो. खरं तर त्यांच्याशिवाय छत टिकलंच नसतं. ते तिथे असणारच होते, मग सुताराने ते सुंदर केले.

विश्रामबागवाड्यात हे सौंदर्य जवळून बघता येतं. तिथले खांब सुरूच्या झाडाच्या घाटाचे आहेत, सुरूदार म्हणतात ते. खाली घटासारखा फुगीर भाग, त्याला पानांच्या पाकळ्या, आणि तिथून वर निमुळता होत गेलेला दांडा. हा घाट शहाजहानच्या काळातल्या मुघल इमारतींमध्ये संगमरवरात दिसतो, तिथून उत्तरेत पसरला आणि पेशव्यांच्या काळात पुण्यात सागवानात उतरला. दगडातला आकार लाकडात आणताना आपल्या कारागिरांनी त्याला स्वतःचं वळण दिलं. खांबावरून पुढे आलेल्या कोरीव हातांना, म्हणजे लाकडी आधारांना, केळफुलाचा आकार देणं हे त्यातलंच. रस्त्यावरून दिसणारा दर्शनी सज्जा याच कामामुळे ओळखला जातो.

दोन खांबांमध्ये पाकळ्यापाकळ्यांची कमान दिसते, महिरप. दगडी कमान वजन पेलते. तिचे दगड एकमेकांना दाबून धरतात आणि भार दोन्ही बाजूंना उतरवतात. लाकडी महिरपीवर मात्र भार नसतो. ती कोरलेल्या फळ्यांची असते, खांब आणि तुळई यांच्यामधल्या कोनात बसवलेली. वरचा सगळा भार तिच्यामागची सरळ तुळई घेते. म्हणूनच एखाद्या पडक्या वाड्यात महिरप निखळून लोंबकळताना दिसली तर मजला पडेल अशी भीती नको. तुळई मध्ये झुकलेली दिसली, तर मात्र एक दिवसही थांबू नये. डोळ्याला महिरप आधी दिसते, पण बघायची असते ती तुळई.

आता जोड. खांब तुळईला खिळ्यानं ठोकलेला नसतो. एका लाकडाच्या टोकाला कुसू काढायचं, म्हणजे चौकोनी दांडा, आणि दुसऱ्यात त्याच मापाची खाच घ्यायची. एकात एक बसलं की वरचं वजनच त्यांना घट्ट धरतं. असा जोड थोडा हलू शकतो, आणि तेच त्याचं बळ. जमीन हादरली की ताठ बांधकामाला तडा जातो, लाकडी सांगाडा करकरतो आणि झुलतो. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारीच्या भूकंपात हे फार दुःखद रीतीनं समोर आलं. तिथल्या माळवदाच्या घरांच्या दगड-मातीच्या जाड भिंती कोसळल्या, त्यांच्याखाली आणि छतावरच्या जड मातीखाली हजारो माणसं गेली. पण जिथे लाकडी खांब आणि तुळयांचा सांगाडा नीट होता, तिथे कित्येक ठिकाणी भिंती पडूनही छत खांबांवर तसंच राहिलेलं दिसलं. आमच्या मागच्या भिंतीचा किस्सा फार छोटा, पण शास्त्र तेच.

चौकाबद्दल थोडक्यात सांगते, कारण त्यावर बहुतेकांना माहिती असते. रस्त्याच्या बाजूला वाडा जवळपास बंद असतो. मोठा दरवाजा, त्यातली दिंडी म्हणजे छोटं दार, आत देवडी म्हणजे पहारेकऱ्याची जागा, आणि मग एकदम आकाश. उजेड, वारा, पावसाचं पाणी, सगळं चौकातून येतं. तापलेली हवा चौकातून वर जाते आणि खोल्यांमधली थंड हवा तिच्या जागी सरकते. पहिला चौक बाहेरच्या माणसांचा आणि कारभाराचा, आतला घरच्यांचा, त्याच्यामागचा स्वयंपाकाचा आणि धुण्याभांड्यांचा. विश्रामबागवाड्यात असे तीन चौक आहेत. पेठेतल्या लहान वाड्यात एकच असतो, आणि त्या एकातच पापड वाळतात, मुंजी होतात, भांडणंही होतात.

लाकडाची मोठी शत्रू आग. पेशव्यांचे पुण्यातले वाडे एकेक करून तिनंच गिळले. शनिवारवाडा २७ फेब्रुवारी १८२८ ला पेटला आणि आग सात दिवस धुमसत राहिली असं सांगतात. आज तिथे आपण बघतो ते काय? दगडी तटबंदी, बुरूज, दिल्ली दरवाजा, आणि आत जोत्यांची नुसती आखणी. सांगाडा लाकडाचा होता, तो जळाला. दगड होता तेवढा राहिला. शनिवारवाड्याच्या आत उभं राहून जोत्यावरचे तळखडे पाहिलेत तर प्रत्येकावर एक खांब मनात उभा करता येतो. मी लहान मुलांना तिथे हाच खेळ खेळायला सांगते: तळखडे मोजा, खण मोजा, आता दिवाणखाना कुठे असेल ते ओळखा.

पुढे १८७९ च्या मे महिन्यात बुधवारवाडा आणि विश्रामबागवाडा दोन्हींना आग लागली. बुधवारवाडा गेला. विश्रामबागवाड्याचा काही भाग जळाला, बाकीचा वाचला आणि जळालेला भाग पुढे लोकांच्या वर्गणीतून पुन्हा उभा करण्यात आला. पेशव्यांच्या पुण्यातल्या महालांपैकी लाकूडकामासकट बघता येईल असा तो एक राहिला, म्हणून त्याची किंमत एवढी मोठी.

तो वाचला यामागे दुसरंही कारण आहे, तो कधी रिकामा पडला नाही. दुसऱ्या बाजीरावांचं तिथलं वास्तव्य जेमतेम अकरा वर्षांचं. १८१८ मध्ये पेशवाई गेली आणि ते ब्रह्मावर्ताला, म्हणजे बिठूरला गेले. १८२१ मध्ये इंग्रजांनी या वाड्यात संस्कृत पाठशाळा सुरू केली. तिच्यातूनच पुढे डेक्कन कॉलेज घडलं. त्यानंतर वाड्यात शाळा भरल्या, सरकारी कचेऱ्या आल्या, काही काळ पुणे नगरपालिकेचा कारभार चालला, टपाल कचेरीही होती. या प्रत्येकानं भिंती फोडल्या, फळ्या ठोकल्या, रंग फासले, हे खरं. पण माणसांचा वावर असला की गळतं कौल दुसऱ्या दिवशी बदललं जातं. बंद वाड्यात तेच कौल चार पावसाळे गळतं आणि खालची तुळई कुजते.

आता मला सर्वांत जास्त तळमळ वाटते त्या विषयाकडे येते. चुना आणि सिमेंट.

आमची पडलेली भिंत त्याच दिवाळीत पुन्हा बांधली गेली. पक्क्या विटा, सिमेंट, वरून सिमेंटचा गिलावा, गुळगुळीत. सगळे खूश. पाच-सहा वर्षांनी त्या भिंतीतल्या खांबाच्या तळाशी रंगाला फुगे आले. माझ्या मामानं स्क्रूड्रायव्हर टेकवला आणि तो मुठीपर्यंत आत गेला. दोनशे वर्षांचं सागवान ओल्या केकसारखं झालं होतं. मातीची भिंत असताना जो खांब दीडशे-दोनशे पावसाळे टिकला, तो सिमेंटच्या भिंतीत सहा वर्षांत गेला. बांधणाऱ्यानं मुद्दाम काही केलं नव्हतं, त्याला मजबूत करायचं होतं. काय होतंय हे आम्हा कुणालाच ठाऊक नव्हतं.

काय झालं ते असं. जमिनीतली ओल दगड-विटांच्या बारीक छिद्रांतून वर चढते, दिव्याच्या वातीत तेल चढतं तशी. प्रत्येक जुन्या घरात ती चढतेच. माती आणि चुना या दोघांतून ती ओल बाहेर निघून वाळते, भिंत श्वास घेते असं गवंडी म्हणतात ते याचसाठी. सिमेंटचा थर घट्ट असतो, त्यातून वाफ सहज जात नाही. मग ओल आत कोंडते, आणखी वर चढते आणि शेवटी लाकडात शिरते. सागाचं लाकूड कोरडं असेल तर शतकं टिकतं. पण लाकडातला ओलावा वजनाच्या साधारण २० टक्क्यांच्या वर गेला आणि तसाच राहिला की कुजवणारी बुरशी धरते. वाळवीलाही ओलसर लाकूडच आवडतं. तळखड्याची खरी कामगिरी इथे कळते. खांबाचं टोक आणि ओली जमीन यांची गाठ पडू नये म्हणून मध्ये ठेवलेला तो दगड. भिंतीत सिमेंट कोंबून आपण त्याला चकवा देतो. ओल खालून येत नाही, मग बाजूनं येते.

चुना कसा करायचे हेही सांगायला हवं, कारण 'जुनी पद्धत' म्हणजे काहीतरी कच्चं, असा गैरसमज आहे. चुनखडीचे खडे भट्टीत भाजले की त्यातला कार्बन डायऑक्साइड उडून जातो आणि कळीचा चुना उरतो. त्यावर पाणी घातलं की तो उकळतो, चरचरतो आणि विरतो. मग तो खड्ड्यात पाण्याखाली मुरत ठेवायचा, कित्येक आठवडे, जमल्यास महिने. त्यानंतर घाणीत घालायचा. वाळू, विटांचा चुरा म्हणजे सुरखी आणि चुना गोल चरात टाकून बैलाला जुंपलेल्या दगडी चाकाखाली मळायचे. काही ठिकाणी गुळाचं पाणी, बेलफळाचा गर, हिरड्याचं पाणी घालत. कामाच्या जागी ज्यानं जे घेतलं त्यानुसार प्रमाण बदलायचं. हा गिलावा भिंतीवर बसला की हळूहळू हवेतला कार्बन डायऑक्साइड परत शोषून घेतो, म्हणजे भट्टीत गमावलेलं परत मिळवतो आणि पुन्हा चुनखडीचा दगड होतो. याला महिने लागतात, जाड थरात वर्षंही. म्हणून घाई असलेल्या माणसाला चुना नको वाटतो. पण तो मऊ असल्यामुळे लाकूड झुललं तर त्याच्याबरोबर झुलतो, बारीक तडे गेले तर पावसाच्या पाण्यात विरघळलेला चुना काही प्रमाणात ते भरूनही काढतो.

मग वाडा जपायचा म्हणजे काय? बहुतेकांच्या मनात कोरीव काम साफ करणं, पॉलिश, रंग, दिवे येतात. ते अगदी शेवटचं. सुरुवात छपरापासून करायची. कौलं, पन्हळी, वळचणीचं पाणी. पाणी वरून यायचं थांबलं नाही तर खालचं कुठलंही काम पाण्यात जातं, अक्षरशः. मग जोत्याभोवतीची जमीन. रस्ता दरवेळी नव्यानं डांबरून वर येतो आणि वाड्याचं जोतं खाली जातं, पावसाचं पाणी दारातून आत. ते वळवायचं. त्यानंतर सांगाडा. एकेक खांब, एकेक कडी तपासायची, नकाशावर क्रमांक घालायचे, फोटो घ्यायचे. काढलेली प्रत्येक वस्तू तिच्याच जागी परत गेली पाहिजे, यासाठी हे क्रमांक फार महत्त्वाचे.

कुजलेला खांब बदलणं हे डोळ्यांनी बघण्यासारखं काम आहे. अख्खा खांब सहसा बदलत नाहीत, कारण कुजलेला असतो तळाचा हात-दीड हात, वरचं लाकूड खणखणीत असतं. आधी आजूबाजूला टेकू लावतात, आणि तेही फक्त त्या मजल्यावर लावून भागत नाही, वजन थेट जमिनीपर्यंत उतरलं पाहिजे. मग जॅक लावून तुळई अगदी केसभर उचलतात. करकर आवाज होतो आणि सगळे गप्प होतात. कुजका भाग कापून काढतात, पण सरळ आडवा न कापता पायरीसारखा किंवा तिरका, म्हणजे नव्या तुकड्याला धरायला जागा मिळते. नवा तुकडा शक्यतो जुन्याच सागवानाचा, वाळलेला, धाग्यांची दिशा जुळवून. लाकडी खुंट्या किंवा न गंजणारे बोल्ट लावून जोड घट्ट करतात, वाळवीचं औषध भरतात आणि जॅक हळूहळू सोडतात. जोड जवळून बघितला तर ओळखू येतो, तो लपवत नाहीत. पुढच्या दुरुस्त्याला कळायला हवं की इथपर्यंत जुनं, इथून नवं.

एवढं सगळं कळूनही पेठांमधले वाडे जातातच आहेत, आणि त्याचा दोष सरसकट मालकांना देणं मला पटत नाही. १२ जुलै १९६१ ला पानशेतचं धरण फुटलं तेव्हा नदीकाठच्या पेठांमधल्या मातीच्या भिंती पाण्यात विरघळल्या आणि कितीतरी वाडे त्या एका दिवसात बसले. जे उरले त्यांच्यात १९४७ च्या भाडे कायद्यानं गोठलेली भाडी. महिन्याला काही रुपये भाडं येणाऱ्या मालकानं सागवानाच्या दुरुस्तीचा खर्च कुठून करायचा? भाडेकरूलाही घर आपलं नाही, त्यानं का करायचा? त्यात वारसांची संख्या वाढत गेलेली, आणि त्याच जागेवर इमारत बांधली तर सर्वांना एकेक फ्लॅट. महापालिकेच्या वारसा यादीत वाड्यांना श्रेण्या आहेत. पहिल्या श्रेणीत सहसा काहीच बदलू देत नाहीत, दुसरीत आतून सांभाळून बदल चालतो, तिसरीत मुख्यतः बाहेरचं रूप राखायचं. पण यादीत नाव आलं म्हणून छपराचं कौल आपोआप बदलत नाही. त्याला पैसा लागतो, आणि चुन्याचं काम जाणणारा गवंडी आणि खांब जोडू शकणारा सुतार लागतो.

आमचा वाडा राहिला नाही. पाडायच्या दिवशी मी गेले होते. भिंती दुपारपर्यंत गेल्या, पण सांगाडा दोन दिवस उभा होता, कारण जोड सोडवता सोडवत नव्हते. खांब भंगारवाल्यानं टेम्पोत घातले. ते आता कुठल्यातरी हॉटेलच्या दाराशी शोभेला उभे असतील, ज्यांच्यावर कसलंही वजन नाही.

तुमच्यापैकी कुणाचा वाडा अजून उभा असेल, किंवा नातेवाइकांचा असेल, तर या मे महिन्यात एवढं करा. प्रत्येक खांबाजवळ बसा आणि तळापासून हातभर उंचीपर्यंत बोटाच्या पेरानं ठोकत जा. निरोगी लाकूड ठक् असं कोरडं वाजतं. कुठे आवाज बोदा आला, किंवा लाकूड गार आणि ओलसर लागलं, तर त्याच्या मागच्या भिंतीचा सिमेंटचा गिलावा आधी काढून टाका, भिंत वाळू द्या आणि पाऊस यायच्या आत वरच्या तुळईखाली टेकू लावून घ्या.